कान शाबूत, बोल अडलेले : नांदेड-लातूरमधील बालकांच्या वाचा-भाषादोषांचा पूर्वेतिहास

नांदेड आणि लातूरचा मुलूख १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता, आणि १८८१ ते १९३१ या काळातील खानेसुमारीत अपंगत्वाचे जे चार वर्ग धरले गेले ते म्हणजे वेडे, मूकबधिर, आंधळे आणि महारोगी. मूकबधिर म्हणजे ऐकू येत नाही म्हणून बोलू न शकणारा, असाच अर्थ रूढ असल्यामुळे ज्या मुलाचे कान शाबूत आहेत, पण जे चौथ्या वर्षीही दोन शब्द जोडत नाही, त्याची दखल सरकारदरबारी घेतली जाणे शक्यच नव्हते.

घराला मात्र असे मूल दिसत होते. ‘जीभ जड आहे’ एवढे निदान पुरेसे मानून वेखंडाचे कांडे सहाणेवर दोन-तीन वळसे उगाळले जाई आणि ते बोटाने जिभेवर चाटवले जाई. आयुर्वेदानेही वेखंड वाणीला हितकर मानले आहे. या निदानात वाचादोष आणि भाषादोष यांची गल्लत होती. काकाला ‘ताता’ म्हणणे हा उच्चाराचा, म्हणजे वाचेचा प्रश्न असून लहान वयात तो स्वाभाविकही असतो. याउलट ज्याचे उच्चार स्वच्छ आहेत, पण जे शाळेत जाऊ लागल्यावरही ‘आजी घर गेला’ असे बोलते, त्याची अडचण लिंग, विभक्ती आणि वाक्यरचना आत्मसात करण्याची, म्हणजे भाषेची असते, आणि तिचा जिभेशी काही संबंध नसतो.

संस्थांचा ओघही आधी बधिरत्वाकडेच वळला. मुंबईत मूकबधिरांची शाळा १८८५ च्या सुमारास निघाली, तर वाचा व श्रवण या विषयाचे पदवी शिक्षण नायर रुग्णालयात १९६० च्या दशकात सुरू झाले. १९८३ साली वांद्र्यात स्थापन झालेल्या राष्ट्रीय श्रवणविकलांग संस्थेला अली यावर जंग यांचे नाव मिळाले. हे गृहस्थ उस्मानिया विद्यापीठाचे कुलगुरू आणि पुढे महाराष्ट्राचे राज्यपाल होते. या संस्थेचे सिकंदराबाद येथील केंद्र नांदेडकरांना मुंबईच्या निम्म्याहून कमी अंतरावर पडते, हा जुन्या संस्थानी भूगोलाचाच एक अवशेष म्हणावा लागेल.

१९९५ च्या अपंगत्व कायद्यातील सात प्रकारांत वाचा-भाषादोष नव्हता. २०१३ मध्ये पालघर येथून सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाने भाषाविकासातील विलंब तपासणीच्या यादीत घेतला; २०१६ च्या कायद्यानेही एकवीस प्रकारांत वाचा व भाषा यांना स्थान दिले, परंतु व्याख्या केली ती स्वरयंत्र काढून टाकणे किंवा मेंदूच्या इजेने वाचा जाणे अशा कायमस्वरूपी, शारीरिक कारणांची. ज्याच्या भाषादोषाचे कारण कोणत्याही तपासणीत दिसत नाही, ते मूल या व्याख्येत क्वचितच बसते.

या दोन जिल्ह्यांत निदान आणखी अवघड होते, कारण देगलूर-बिलोलीकडे तेलुगू, उदगीर-निलंग्याकडे कन्नड, शहरांत दखनी उर्दू आणि किनवट-माहूरच्या तांड्यांवर गोरमाटी बोलली जाते. मराठी शाळेत गप्प बसणारे तांड्यावरचे मूल मंद ठरवले जाते, ते बहुधा अन्यायाने. कारण दोन भाषांमुळे भाषादोष जडत नाही आणि खरा दोष असेल तर तो घरच्या बोलीतही दिसतोच. त्यामुळे केवळ मराठीत घेतलेली चाचणी येथे निरुपयोगी ठरते आणि तपासणाऱ्याला आधी मुलाच्या आजीला विचारावे लागते, की हा घरी गोरमाटीत गोष्ट सांगतो का, आणि सांगितलीच तर भावंडांना ती कळते का.