हसवणारी रंजना

आज बचतीचा हिशोब बाजूला ठेवू आणि एका बाईची आठवण काढू. जत्रेतल्या तंबूत, नाहीतर रविवारी दुपारी दूरदर्शनवर, तिनं आपल्या आया-मावश्यांना पोट धरून हसवलं. तिचं नाव रंजना देशमुख.

सिनेमा तिच्या घरातच होता. आई वत्सला देशमुख नटी, मावशी म्हणजे ‘पिंजरा’मधल्या संध्या. १९७७ साली व्ही. शांताराम यांच्या ‘चानी’त रंजना नायिका झाली. ती भूमिका दुःखाची होती. १९८१च्या ‘अरे संसार संसार’मध्येही ती शेतकऱ्याची कष्टाळू बायको होती.

पण लोकांच्या ओठी नाव बसलं ते विनोदामुळे. ‘गोंधळात गोंधळ’, ‘एक डाव भुताचा’, ‘गुपचुप गुपचुप’, ‘बिनकामाचा नवरा’ हे सिनेमे चार-पाच वर्षांत आले. अशोक सराफांबरोबर तिची जोडी अशी जमली की कोण कोणाला वरचढ ते कळू नये.

ही गोष्ट साधी नाही, बायांनो. तेव्हाच्या कितीतरी विनोदी सिनेमांत विनोद करायचा पुरुषानं, आणि बाईनं लाजायचं नाहीतर नाचायचं. रंजना उलट उत्तर द्यायची, डोळे वटारायची, ठसक्यात बोलायची. ‘मुंबईचा फौजदार’मध्ये ती खेड्यातून शहरात आलेली फौजदाराची बायको झाली. आपण तिच्या फजितीला हसतो, पण मन तिच्याच बाजूनं राहतं. आपल्यापैकी कितीजणी लग्नानंतर अशाच परक्या घरात बुजल्या होत्या!

१९८७ साली चित्रीकरणासाठी बंगळूरकडे जाताना तिच्या गाडीला अपघात झाला. पायातली ताकद गेली. वय फक्त बत्तीस. पुढच्याच वर्षी ‘अशी ही बनवाबनवी’ गाजला. त्यात लुगडं नेसून हसवणारे दोघं पुरुष होते. रंजना तेव्हा चाकाच्या खुर्चीत होती.

तरी ती गप्प बसली नाही. पुढे त्याच खुर्चीत बसून तिनं ‘फक्त एकदाच’ या नाटकात काम केलं. मार्च २००० मध्ये ती गेली. वय उणंपुरं पंचेचाळीस.

नायिकेचं काम असो की खुरपणीचं, हातपाय चालतात तोवरच रोज मिळतो. म्हणून जाता जाता एक विचारते: प्रधानमंत्री सुरक्षा विमा तुमच्या खात्यावर सुरू आहे का? वर्षाला २० रुपये. अपघातात मृत्यू झाला किंवा कायमचं पूर्ण अपंगत्व आलं, तर २ लाखांचा आधार. १८ ते ७० वयाच्या सगळ्यांसाठी आहे. पुढच्या बैठकीला पासबुक घेऊन या, एकेकीचं बघू.

आणि रंजनाचा एखादा सिनेमा लागला, तर सासूबाईंना शेजारी बसवून बघा. हसू आलं तर पदर तोंडाला लावू नका, मोठ्यानं हसा.