उसन्या दारातून आत

भंडारा जिल्ह्याच्या तुमसर तालुक्यातलं बपेरा मध्य प्रदेशाच्या सीमेलगत आहे. हा सगळा मुलूख झाडीपट्टीचा. दिवाळी सरली की गावोगावी नाटकं लागतात. नाटक ठरवतं गावचं मंडळ. पण कलावंत, पडदे, साज बरेचदा वडशाच्या नाटक कंपन्यांकडून येतो. पहाटेपर्यंत जागणारे प्रेक्षक पडदा कुणाच्या मालकीचा हे विचारत नाहीत. कॉम्प्युटर गेममध्ये नवी गाडी, नवी मोहीम, नवा चेहरा घालणाऱ्या मॉडांचंही तसंच आहे. खेळणाऱ्याला मॉड दिसतो; तो ज्या लायब्ररी फाइलवर उभा असतो ती दिसत नाही.

एकदा लिहिलेलं काम पुन्हा लिहू नये, ही कल्पना खेळांपेक्षा पुष्कळ जुनी. केंब्रिजच्या एडसॅक यंत्रावर 1949 पासून काम करणाऱ्यांनी वर्गमूळ, छपाई अशा नेहमीच्या कामांचे तुकडे कागदी फितींवर करून ठेवले होते. ज्याला हवी ती फीत त्यानं घ्यावी. अगदी खरंखुरं ग्रंथालयच ते. विल्क्स, व्हीलर आणि गिल यांनी 1951 मध्ये या पद्धतीवर पुस्तकही लिहिलं.

खेळांत मात्र ही गोष्ट सरळ दारानं आली नाही. ‘जीटीए थ्री’ आणि ‘व्हाइस सिटी’ हे गेम आवाजासाठी ‘माइल्स साउंड सिस्टिम’ वापरत. तिची सवय अशी, की ठरलेल्या फोल्डरमध्ये .एएसआय शेपटीची जी फाइल दिसेल ती उचलायची. फाइल खरोखर आवाजाची आहे का, याची चौकशी नाही! मॉड करणाऱ्यांनी हेरलं, की आपलाच प्रोग्राम त्या शेपटीनं तिथं ठेवला तर खेळ त्याला स्वतःहून आत घेतो.

2005 मध्ये याच मालिकेतला ‘सॅन अँड्रियास’ पीसीवर आला आणि वाट बंद झाली, कारण या गेममध्ये माइल्स नव्हतीच. मग आणखी हुशार युक्ती निघाली. खेळ ‘व्हॉर्बिसफाइल.डीएलएल’ नावाची ध्वनीची फाइल मागतो, तर त्याच नावाची दुसरी फाइल तिथं ठेवायची आणि मूळ फाइलचं नाव ‘व्हॉर्बिसहुक्ड’ करायचं. नवी फाइल आधी सगळे मॉड आत सोडते, मग आवाजाचं काम मूळ फाइलकडे सोपवते. खेळाला काहीच कळत नाही. पाहुण्यांना मागच्या दारानं घेऊन पुढं नेहमीसारखा चहा ठेवावा, तसं.

या वाटेवर 2007 च्या सुमारास ‘क्लिओ’ ही लायब्ररी आली. आता मॉडवाल्याला यंत्रभाषेची खोल माहिती नको. छोटी स्क्रिप्ट लिहून क्लिओच्या फोल्डरमध्ये टाकली की पुरे. हौशी पोरांचे हात तेव्हापासून खरे चालू लागले, असं म्हणायला हरकत नाही.

‘माइनक्राफ्ट’ या दुसऱ्या गेमच्या सर्व्हरसाठी असाच पाया म्हणून ‘बकिट’ आणि ‘क्राफ्टबकिट’ होते. त्यांच्यावर हजारो प्लगइन, म्हणजे वर जोडायचे छोटे प्रोग्राम, उभी राहिली. ‘व्हॉल्ट’ हे त्यातलं फार उपयोगी: दुकानाचं प्लगइन एकाचं, पैशांचा हिशेब ठेवणारं दुसऱ्याचं, आणि व्हॉल्ट दोघांमधला दुभाष्या. 2012 मध्ये माइनक्राफ्ट बनवणाऱ्या मोजांगनं बकिटच्या मुख्य मंडळींना नोकरीवर घेतलं. 2014 च्या सप्टेंबरात प्रकल्पातल्याच एका योगदात्यानं परवान्याच्या वादातून कायदेशीर तक्रार केली आणि क्राफ्टबकिटचं वितरण थांबलं. एका फाइलवर विसंबलेले असंख्य सर्व्हर रातोरात अडचणीत आले. पुष्कळांनी पुढं ‘स्पिगॉट’ धरला.

‘स्कायरिम’ या गेममध्ये त्रास वेगळा. मूळ गेम अद्ययावत झाला की आतल्या सूचनांच्या जागा सरकतात आणि त्या जागांचे पत्ते पाठ करून बसलेली प्लगइन निकामी होतात. ‘अ‍ॅड्रेस लायब्ररी’नं त्यावर तोडगा काढला: प्लगइननं पत्त्याऐवजी क्रमांक सांगायचा, पत्ता लायब्ररी शोधून देणार. तरीही 11 नोव्हेंबर 2021 च्या ‘अ‍ॅनिव्हर्सरी एडिशन’नं घोटाळा केलाच. गेम नव्या कंपायलरनं, म्हणजे कोडचं यंत्रभाषेत रूपांतर करणाऱ्या नव्या साधनानं, बांधला होता. नुसत्या क्रमांकांवर ते निभावेना. कितीतरी प्लगइन पुन्हा बांधावी लागली.

अशा दिवशी स्क्रीनवर चौकट येते आणि अमुक डीएलएल सापडत नाही म्हणून सांगते. वर्षानुवर्षं मॉड खेळणारा माणूस त्या फाइलचं नाव पहिल्यांदा तेव्हाच वाचतो.