मौताम

मौताम : मिझो टेकड्यांत सुमारे ४८ वर्षांनी एकदा बांबू सर्वत्र एकाच वेळी फुलतो, फळतो आणि मरतो, त्यापाठोपाठ उंदरांचा सुळसुळाट होतो व दुष्काळ पडतो. या काळाला मिझो लोक ‘मौताम’ म्हणतात. ‘मौ’ म्हणजे बांबू, ‘ताम’ म्हणजे मरून जाणे. याचा जोडीदार ‘थिंगताम’ : ‘रॉथिंग’ (बांबुसा टुल्डा) या दुसऱ्या जातीच्या फुलोऱ्याचा काळ. मौतामनंतर सुमारे १८ वर्षांनी थिंगताम येतो आणि त्यानंतर ३० वर्षांनी पुन्हा मौताम. १८६२, १९११, १९५९ आणि २००७ च्या आसपास मौताम आले. १८८१, १९२९ आणि १९७७ च्या सुमारास थिंगताम. इतिहासाचे कालखंड एरवी राजवटींच्या नावाने ओळखले जातात. मिझोरमचा दीडशे वर्षांचा इतिहास वाचताना मात्र या दोन गवतांचे वेळापत्रक शेजारी ठेवावे लागते.

वनस्पती व फळ : मौतामचा बांबू म्हणजे मौताक (मेलोकाना बॅसिफेरा). मिझोरम, त्रिपुरा, बांगलादेशातील चितगावचा डोंगरी मुलूख आणि म्यानमारचा चिन प्रांत या भागांत तो वाढतो. त्याचे जमिनीखालचे खोड लांबवर धावत जाते. त्यामुळे आपल्याकडच्या कळकासारखी त्याची दाट बेटे होत नाहीत. काठ्या सुट्या सुट्या उभ्या राहतात आणि डोंगरच्या डोंगर व्यापतात. घराच्या भिंती, जमीन, टोपल्या, पाणी आणायची नळकांडी, जेवणातले कोवळे कोंब, सगळे याच बांबूचे. बहुतेक बांबूंचे बी धान्याच्या दाण्याएवढे असते. मौताकचे फळ मात्र नासपतीएवढे, हिरवे, मांसल आणि टोकाशी चोच असलेले असते. पुष्कळदा ते झाडावर असतानाच त्याला कोंब फुटतो. फळे गळून पडतात आणि वाळलेल्या काठ्यांखालची जमीन त्यांनी झाकून जाते.

सह्याद्रीतली कारवी सात वर्षांनी फुलते, हे आपल्या परिचयाचे आहे. जपान व चीनमधील एका बांबूचा फेरा तर सुमारे १२० वर्षांचा आहे. इतकी वाट पाहण्याचे कारण जीवशास्त्रज्ञ डॅनियल जॅन्झन यांनी १९७६ मध्ये मांडले : सगळ्यांनी एकदम फळ धरले, तर खाणारे कितीही खाऊन उरेल इतके बी जमिनीवर पडते आणि पुढची पिढी तगते. जो एकटा आधी किंवा मागून फुलेल, त्याचे सगळे बी फस्त होईल. म्हणून सर्वांनी एकाच क्षणाची वाट धरायची. २०१५ मध्ये कार्ल व्हेलर व सहकाऱ्यांनी दाखवले, की बांबूंचे असे दीर्घ फेरे मूळच्या लहान फेऱ्यांच्या पटीत वाढत गेले असावेत. ४८ ही संख्या दोन आणि तीन यांच्याच गुणाकारातून बनते.

उंदीर : फळांच्या राशीवर काळा उंदीर पोसला जातो. त्याची मादी तीन आठवड्यांत विते आणि पिल्लेही दोन-तीन महिन्यांत विण्याजोगी होतात. खाणे मुबलक असेतोवर पिढ्यांवर पिढ्या वाढत जातात. मग उरलेली फळे रुजतात, जंगलातले खाणे संपते आणि ही सारी संख्या झूमच्या (डोंगरउतारावरच्या फिरत्या शेतीच्या) भाताकडे वळते. हा हल्ला रात्रीचा असतो. शेतकरी सकाळी डोंगरउतारावर पोहोचतो तेव्हा कापणीला आलेल्या भाताची ताटे कुरतडून पडलेली असतात आणि लोंब्यांत दाणा नसतो. कोठारही सुरक्षित नसते.

१९५९ चे मौताम : अठ्ठेचाळीस वर्षांचा फेरा माणसाच्या आयुष्यात कसाबसा दोनदा येतो. म्हणून मौतामचे ज्ञान आजोबांकडून नातवाकडे असेच टिकले, आणि ते अचूक होते. त्याच्या भरवशावर मिझो जिल्हा परिषदेने १९५८ मध्येच (हा मुलूख तेव्हा आसामात होता) आसाम सरकारकडे पूर्वतयारीसाठी १५ लाख रुपये मागितले. बांबू फुलल्याने दुष्काळ पडतो ही आदिवासींची अंधश्रद्धा ठरवून ती मागणी फेटाळली गेली. हा निर्णय चुकीचा होता, आणि ते पुढच्याच वर्षी दिसले. मारलेल्या प्रत्येक उंदरामागे ४० पैसे बक्षीस लावले गेले. वीस लाखांवर उंदीर मारल्याची नोंद आहे, तरीही पीक वाचले नाही. लोकांनी रानातले कंद उकरून दिवस काढले. आजोबांची आठवण हाही पुरावा असतो. तो त्या वेळी मानला असता, तर पुढचे पुष्कळ काही टळले असते.

राजकीय परिणाम : मदतकार्यासाठी १९६० मध्ये मिझो नॅशनल फॅमिन फ्रंट उभी राहिली. तिचे नेते लालडेंगा हे पूर्वी सैन्यात हवालदार होते आणि नंतर जिल्हा परिषदेत लेखनिक. खांद्यावर तांदूळ वाहून गावोगावी पोहोचवणाऱ्या तरुणांमुळे लोकांचा संघटनेवर विश्वास बसला. त्याच वर्षी आसामने असमियाला राजभाषा केल्याने असंतोषात भर पडली. २२ ऑक्टोबर १९६१ रोजी नावातून ‘फॅमिन’ हा शब्द गेला आणि मिझो नॅशनल फ्रंट हा राजकीय पक्ष झाला. १ मार्च १९६६ रोजी त्याने स्वातंत्र्य जाहीर केले. त्यानंतर काही दिवसांतच भारतीय हवाई दलाच्या विमानांनी ऐजॉलवर हल्ला केला. १९६७ पासून डोंगरांतली गावे उठवून रस्त्यालगतच्या वसाहतींत आणली गेली. या बंडाची कारणे एकट्या बांबूत शोधणे चूक आहे, पण त्याची वेळ बांबूने ठरवली.

या इतिहासात दोन मराठी नावेही येतात. उठावाच्या वेळी संरक्षणमंत्री यशवंतराव चव्हाण होते. त्यांचे एकेकाळचे खासगी सचिव, महाराष्ट्रातील सनदी अधिकारी राम प्रधान यांनी केंद्रीय गृहसचिव म्हणून ३० जून १९८६ रोजी लालडेंगा यांच्यासह हे बंड संपवणाऱ्या मिझो करारावर सही केली. तो त्यांच्या सेवेचा अखेरचा दिवस होता. २० फेब्रुवारी १९८७ रोजी मिझोरम राज्य झाले आणि दुष्काळनिवारणातून पुढे आलेले लालडेंगा त्याचे पहिले मुख्यमंत्री झाले.

२००७ आणि पुढे : या वेळी कुणी अंधश्रद्धा म्हटले नाही. फुलोऱ्याआधीच राज्य सरकारने ‘बाफाकॉस’ ही योजना आखली, उंदरांच्या शेपटांवर बक्षीस ठेवले आणि उंदीर सहसा खात नाहीत अशी आले-हळदीसारखी पिके लावण्यास शेतकऱ्यांना सांगितले. भाताचे नुकसान तरीही मोठे झाले, पण १९५९ ची पुनरावृत्ती झाली नाही. आधीच्या अंतरांप्रमाणे १९७७ नंतरच्या थिंगतामचे वर्ष २०२५ च्या आसपास येते आणि पुढच्या मौतामचे २०५५ च्या. २००७ चे उंदीर पाहिलेली मुले तेव्हा पन्नाशी ओलांडलेली असतील.