नाणेघाटाचे द्वार आणि त्याची किल्ली

भागवतात रैवत ककुद्मी राजाची एक कथा आहे. आपली कन्या रेवती हिला योग्य वर कोणता, हे विचारण्याकरिता तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तेथे गायन चालले होते, म्हणून तो क्षणभर थांबला. गायन संपल्यावर त्याने आपला प्रश्न विचारला, तेव्हा ब्रह्मदेवांनी हसून सांगितले की, एवढ्या अवधीत पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे लोटली. मनात योजलेले वर तर राहोतच, पण त्यांच्या पुत्रपौत्रांची नावेही आता ऐकू येत नाहीत. पुढे रेवतीचा विवाह बलरामाशी झाला. अलीकडच्या काळात एच. जी. वेल्स या इंग्रज कादंबरीकाराने १८९५ साली काळातून प्रवास करणारे यंत्र कल्पिले, आणि त्याच्या मागून आलेल्या कथाकारांनी एका युगातून दुसऱ्या युगात नेणारी भव्य महाद्वारेही उभी केली. या साऱ्या द्वारांना एक मोठी सोय असते : उंबरठा ओलांडला की काम झाले. पुणे जिल्ह्याच्या वायव्य टोकास असेच एक द्वार खरोखरीच आहे. मात्र ते इतके उदार नाही.

जुन्नर आणि आंबेगाव या तालुक्यांच्या पश्चिमेस सह्याद्री भिंतीसारखा उभा आहे. जुन्नरहून सुमारे तीस किलोमीटर अंतरावर, घाटघर गावापाशी, या भिंतीस एक अरुंद खिंड पडलेली आहे. हाच नाणेघाट. खिंडीतून दगडी वाट खाली मुरबाड तालुक्यातील वैशाखऱ्याकडे उतरते, आणि जीवधन किल्ला वरून तिच्यावर पहारा करितो. कल्याण व सोपारा या बंदरांत उतरलेला माल बैलांच्या पाठीवरून याच वाटेने जुन्नरास आणि तेथून पैठणास जात असे. इ. स. च्या पहिल्या शतकातील एका ग्रीक दर्यावर्दी ग्रंथात ही दोन्ही बंदरे व पैठण यांचा उल्लेख आहे. जुन्नरच्या लेण्यांतील दानलेखांत तर यवन दात्यांची नावेच कोरलेली आहेत. खिंडीच्या माथ्यावर एक प्रचंड दगडी रांजण आहे. जकातीची नाणी त्यात टाकीत असत, असे परंपरा सांगते.

परंतु काळाचे खरे द्वार म्हणजे खिंडीच्या तोंडाशी खोदलेली गुहा. हिच्यात देव नाही. मागील भिंतीवर सातवाहन राजकुलातील व्यक्तींच्या मूर्ती होत्या आणि प्रत्येकीच्या वर तिचे नाव कोरलेले होते. वंशाचा संस्थापक सिमुक, राणी नायनिका, म्हणजे आपण जिला नागनिका म्हणतो ती, राजा सातकर्णी, महारठी त्रणकयिर आणि काही राजकुमार अशी ही नावे आहेत. मूर्ती नष्ट झाल्या; कोठे कोठे पावलांच्या खुणा तेवढ्या उरल्या. चेहरे गेले, नावे राहिली.

बाजूच्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत व प्राकृत भाषेत दीर्घ लेख आहे. आरंभी धर्म, इंद्र, संकर्षण व वासुदेव, चंद्र व सूर्य आणि चार लोकपाल यांना वंदन केले आहे. यातील संकर्षण म्हणजे रेवतीचा पती बलराम. त्याचे नाव येथे वासुदेवाच्याही आधी आले आहे, हे ध्यानात घेण्यासारखे आहे. पुढे राजसूय, अश्वमेध इत्यादी यज्ञांची व त्यांत दिलेल्या दक्षिणेची यादी येते. सहस्रावधी गाई, घोडे, रुप्याची पात्रे, एके ठिकाणी २४,४०० कार्षापण! व्यापाऱ्यांच्या जकातनाक्याशी राजकुलाने आपल्या दानाचा हिशेब असा उघडा मांडला होता. हे आकडे लिहिण्याची रीतही पाहण्यासारखी आहे. तेथे शून्य नाही. वीस हजार, चार हजार व चारशे यांची चिन्हे एकापुढे एक मांडून २४,४०० ही संख्या लिहिली आहे. भारतीय अंकांच्या जुन्यात जुन्या नमुन्यांपैकी हे होत.

एवढे सर्व सांगणारे द्वार शेकडो वर्षे उघडे असूनही बंद होते. लिपी विस्मृतीत गेली होती. वाटसरू पावसात गुहेत आडोशास बसत, भाकरी खात आणि पुढे जात. भिंतीवरची अक्षरे त्यांना केवळ ओरखडे होती. १८२८ साली कर्नल साइक्स यांचे लक्ष या लेखाकडे गेले, तरी त्यांनाही तो वाचता येणे शक्य नव्हते. १८३७ साली जेम्स प्रिन्सेप यांनी ब्राह्मी लिपीचा उलगडा पूर्ण केला आणि किल्ली हाती आली. पुढे पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी येथील अंकांचा व अक्षरांचा कसून अभ्यास केला आणि १८८३ साली ब्यूलर यांनी लेखाचे वाचन प्रसिद्ध केले. ककुद्मीस क्षणभर थांबल्याने युगे ओलांडता आली. येथे दोन सहस्र वर्षे ओलांडण्यास विद्वानांच्या दोन पिढ्या खपल्या.

तरीही द्वार पुरते उघडलेले नाही. ओळींमध्ये जागोजागी अक्षरे झिजली आहेत. लेखात राणीचा पुत्र म्हणून येणारा वेदिश्री मूर्तींवरील नावांपैकी कोणता, यावर एकमत नाही. ब्यूलर यांनी लेख इ. स. पूर्व दुसऱ्या शतकात घातला. आज पुष्कळ अभ्यासक तो पहिल्या शतकाकडे आणितात. चार अक्षरे अधिक शाबूत असती, तर कदाचित वादच उरला नसता.

म्हणून या भिंतीवर खिळ्याने आपले नाव कोरणारा प्रवासी केवळ दगड खराब करीत नाही; तो मागून येणाऱ्याची वाट बुजवितो. शेजारच्या तालुक्यास ज्या गावाने नाव दिले, ते जुने आंबेगाव डिंभे धरणाच्या पाण्याखाली गेले. लोकांच्या शेतीस पाणी हवे होते, म्हणून ती किंमत मोजली गेली. नाणेघाटातील एखादे अक्षर खरवडले गेल्याने मात्र कोणाच्याही शेतास पाणी मिळत नाही. कथेतील महाद्वार मोडले, तर कथाकार दुसरे बांधू शकतो. हे एकदाच बांधले गेले, आणि ते जितके वाचता येते तितकेच उघडे आहे.