संगणक आला तेव्हा नोकरी कोणाची गेली?

कृत्रिम बुद्धिमत्तेमुळे किती रोजगार नष्ट होतील, याचे एखादे नवे भाकीत हल्ली दर आठवड्याच्या विज्ञानवार्तांत असतेच. हाच प्रश्न आपल्या देशात सहा दशकांपूर्वी संगणकाच्या निमित्ताने विचारला गेला होता आणि त्यासाठी माणसे रस्त्यावर उतरली होती. तो इतिहास आज फारसा आठवला जात नाही.

सुरुवात विमाक्षेत्रापासून झाली. 1956 मध्ये 245 खासगी विमासंस्था आणि भविष्य-निर्वाह सोसायट्या एकत्र करून आयुर्विमा महामंडळ स्थापन झाले. हप्त्यांच्या सूचना, एजंटांचे कमिशन, वेतनपत्रके अशी प्रचंड आकडेमोड तेथे चाले. प्रारंभी तिच्यासाठी पंचकार्डांची यंत्रे आली आणि 1964 पासून संगणक. मुंबईत यंत्र बसले. कलकत्त्यात मात्र विमा कर्मचाऱ्यांनी इलाको हाऊस या इमारतीभोवती रात्रंदिवस पहारा ठेवला आणि संगणक आत येऊ दिला नाही. या लढ्याला अडाणी यंत्रद्वेष म्हणून हसण्याची रीत आपल्याकडे पडली आहे. मला ती अन्यायकारक वाटते. 1965 आणि 1966 ही लागोपाठ दुष्काळाची वर्षे होती, रुपयाचे अवमूल्यन झाले होते आणि सुशिक्षित बेकारांची रांग वाढत होती. अशा वेळी कायम नोकरीतल्या लिपिकाने कपातीची भीती बाळगली, तर त्यात अडाणीपणा कोणता?

शासनालाही हा प्रश्न क्षुल्लक वाटला नव्हता. 1969 मध्ये केंद्र सरकारने स्वयंचलनाविषयी एक समिती नेमली. अध्यक्षपदी होते पुण्याच्या गोखले संस्थेतील अर्थशास्त्रज्ञ वि. म. दांडेकर. समितीचा अहवाल 1972 मध्ये आला. दारिद्र्याचे मोजमाप करणाऱ्या अभ्यासकाकडे संगणकाचा प्रश्न सोपवला जावा, यातच त्या काळाची दृष्टी दिसते.

बँकांचा इतिहास अधिक बोधप्रद आहे, कारण तेथे अखेर तडजोड झाली. 1969 मध्ये देशात सुमारे 8 हजार शाखा होत्या. 1990 पर्यंत त्या सुमारे 60 हजारांवर गेल्या. हा विस्तार मुख्यत्वे हाताने लिहिलेल्या खतावण्यांवर उभा होता. प्रत्येक खात्याची नोंद, शिल्लक आणि व्याज लिपिकाच्या लेखणीतून उतरे. खतावण्यांची बेरीज मुख्य खात्याशी जुळेपर्यंत संध्याकाळच्या संध्याकाळ शाखेत जात. बचत खात्याच्या व्याजाचा नियमसुद्धा हाताच्या कामाला साजेसा होता. महिन्याच्या 10 तारखेपासून अखेरपर्यंत खात्यात जी सर्वांत कमी शिल्लक राहिली असेल, तिच्यावरच त्या महिन्याचे व्याज मिळे. हजारो खात्यांचे व्याज रोजच्या रोज मोजणे मनुष्यबळाला शक्य नव्हते. त्या मर्यादेची किंमत ठेवीदार मुकाट्याने मोजत होता.

1983 मध्ये बँकांची संघटना आणि कर्मचारी संघटना यांच्यात यंत्रीकरणाचा करार झाला. यंत्रे किती आणि कोठे बसवायची यावर मर्यादा आल्या. यंत्र चालवणारी माणसे विद्यमान कर्मचाऱ्यांतून निवडायची आणि त्यांना विशेष भत्ता द्यायचा, असेही ठरले. पुढच्याच वर्षी रिझर्व्ह बँकेचे तत्कालीन उपगव्हर्नर सी. रंगराजन यांच्या समितीने शाखांच्या यंत्रीकरणाचा आराखडा दिला. खतावणी लिहिणारी यंत्रे शाखेत आली, ती या चौकटीतून. सामूहिक वाटाघाटींनी तंत्रज्ञानाचा वेग ठरवण्याचे हे एक ठळक भारतीय उदाहरण आहे. संगणकामुळे सरसकट हकालपट्टी झाली नाही, याचे श्रेय संघटनांना द्यावेच लागते.

येथे मात्र एक सावधगिरी हवी. प्रयोगशाळेत आम्हाला प्रथम शिकवले जाते की शोधकयंत्र त्याच्यापर्यंत पोहोचलेल्या कणांचीच नोंद करते. वाटेतच शोषला गेलेला कण नोंदवहीत येत नाही. रोजगाराच्या हिशेबातही तसेच घडते. कामावरून काढलेला माणूस मोजला जातो. जी जागा भरलीच गेली नाही, तिच्यावर कोण बसला असता हे मोजायला कोणी नसते. कराराच्या मेजावर व्यवस्थापन होते आणि नोकरीत असलेल्यांचे प्रतिनिधी होते. ज्यांना नोकरी अजून लागायची होती, त्यांच्या वतीने बोलणारे कोणी नव्हते.

त्याचा परिणाम पुढे दिसला. 2000-01 मध्ये सार्वजनिक बँकांनी स्वेच्छानिवृत्तीची योजना आणली आणि सुमारे 1 लाख कर्मचारी बाहेर पडले. यामागे संगणक हे एकमेव कारण नव्हते. बँकांचा ताळेबंद आणि खासगी स्पर्धा हीही कारणे होती. पण इतकी माणसे गेल्यावरही शाखा चालू राहिल्या, त्या यंत्रांच्या बळावर. त्याच सुमारास, 2001 मध्ये, बँकांसाठी भरती करणारी मंडळे बरखास्त झाली. ज्या परीक्षांच्या तयारीत लहान शहरांतील पदवीधरांची वर्षे जात, त्या एकाएकी आटल्या.

ठेवीदाराचा लाभ स्पष्ट आहे. 1 एप्रिल 2010 पासून बचत खात्यावर रोजच्या शिलकीनुसार व्याज मिळू लागले आणि 10 तारखेचा जुना नियम इतिहासजमा झाला. बँकांची मोठी लिपिकभरतीही दशकाच्या उत्तरार्धात पुन्हा सुरू झाली. सामाईक परीक्षा 2011 मध्ये आली, तेव्हा लिपिकपदासाठी खुल्या प्रवर्गाची कमाल वयोमर्यादा 28 होती. 2001 मध्ये 21 व्या वर्षी पदवी घेतलेला उमेदवार तोवर 31 वर्षांचा झाला होता.