वेब एपीआयमधील त्रुटिसंदेश

वेब एपीआयकडे आलेली विनंती पुरी करता आली नाही, तर सर्व्हरने परत पाठवलेला खुलासा. एचटीटीपीचा तीन अंकी स्थितिक्रमांक ही त्याची पहिली खूण : ४०० च्या घरातला क्रमांक विनंतीत खोट असल्याचे सांगतो, ५०० च्या घरातला सर्व्हरमध्ये. मात्र नुसत्या ४०० वरून तारीख चुकली की पिनकोड, ते उमगत नाही. म्हणून इंटरनेट इंजिनिअरिंग टास्क फोर्सने २०१६ मध्ये त्रुटिसंदेशाचा साचा ठरवणारे आरएफसी ७८०७ हे मानक प्रसिद्ध केले. २०२३ मध्ये त्याची जागा आरएफसी ९४५७ ने घेतली. त्यात संदेशाचे टाइप, टायटल, स्टेटस, डिटेल आणि इन्स्टन्स असे पाच ठरीव घटक आहेत. प्रोग्रामने निर्णय घ्यायचा तो ‘टाइप’वरून, ‘डिटेल’मधले वाक्य माणसासाठी असते. मानकातल्या उदाहरणात ‘शिल्लक ३०, खर्च ५०’ असे थेट आकडेच दिले आहेत, आणि शिल्लक रक्कम वेगळ्या, जादा घटकातही दिली आहे, म्हणजे प्रोग्रामला वाक्य चाळत बसावे लागत नाही. अर्थात सगळेच उघड करायचे नसते. डेटाबेसची क्वेरी किंवा स्टॅक ट्रेस बाहेर गेला, तर हल्लेखोराचे आयतेच फावते. तो तपशील सर्व्हरच्या लॉगमध्ये ठेवून ग्राहकाला फक्त संदर्भक्रमांक देतात. काही एपीआय यशाचा २०० क्रमांक देऊन आत ‘अयशस्वी’ लिहितात. ही खोड मात्र वाईटच.