‘ला’पाशी थांबलेला सरमद

लाचार, लाजवाब, लाइलाज. हे शब्द आपण मराठीत सहज वापरतो. तिन्हींच्या तोंडाशी जो ‘ला’ आहे, तो अरबीतला नकार. फारसीच्या वाटेने आपल्याकडे आला. चारा नाही, जवाब नाही, इलाज नाही. हाच ‘ला’ इस्लामच्या कलम्याचा पहिला शब्द आहे. ‘ला इलाहा’ म्हणजे पूजनीय असा कोणीच नाही. त्यानंतर येतं ‘इल्लल्लाह’, अल्लाहखेरीज. म्हणजे आमच्या श्रद्धेची सुरुवातच ‘नाही’ने होते. आधी सगळं पुसायचं, मग एकाचंच नाव लिहायचं.

सूफींनी या दोन टप्प्यांना नफी आणि इस्बात अशी नावं दिली. नफी म्हणजे नकार, इस्बात म्हणजे स्वीकार. जिक्र करताना आधी सगळ्याचा नकार करायचा, त्यात स्वतःचाही, आणि मग अल्लाहचा स्वीकार. ‘मी’ उरत नाही त्या अवस्थेला ते फना म्हणतात. जेवणाचा फन्ना उडवला असं आपण म्हणतो, त्यातला ‘फन्ना’ मूळचा हाच. बगदादच्या हजरत जुनैद यांनी शिकवलं की फनाच्या पुढे बका आहे. विरघळून झालं की माणसाने शुद्धीवर येऊन लोकांत परत यावं. त्याच बगदादमध्ये इ. स. 922 मध्ये मन्सूर हल्लाजला मारलं गेलं, कारण लोकांच्या मते तो परत आलाच नाही. नकाराच्या मुक्कामावर किती वेळ थांबायचं, हा वाद इतका जुना आहे.

हिंदुस्थानात या वादाचं सर्वांत ठळक नाव सरमद. इराणमधल्या काशान शहरातला, जन्माने ज्यू. पुढे त्याने इस्लाम स्वीकारला. व्यापारासाठी तो सिंधमधल्या ठठ्ठा बंदरात आला. तिथे अभयचंद नावाच्या हिंदू मुलावर त्याचा जीव जडला. व्यापार सुटला, अंगावरचे कपडेही सुटले. फिरत फिरत दोघे दख्खनमध्ये, कुतुबशाहीच्या हैदराबादेत आले. ‘दबिस्ताने मजाहिब’ या ग्रंथाचा लेखक 1647 मध्ये त्यांना तिथेच भेटला. या ग्रंथात तेव्हाच्या नाना धर्मपंथांची माहिती आहे आणि त्यातलं ज्यूंवरचं प्रकरण सरमदने सांगितलेल्या माहितीवर उभं आहे. तौरातच्या आरंभीच्या भागाचा अभयचंदने केलेला फारसी अनुवादही त्यात आहे. ज्यू धर्मात जन्मलेला फकीर, त्याचा हिंदू शिष्य आणि ज्यूंच्या धर्मग्रंथाचा फारसी तर्जुमा. सतराव्या शतकातल्या दख्खनचं हेही एक चित्र आहे.

पुढे सरमद दिल्लीला गेला आणि शहजादा दारा शुकोह त्याच्याकडे ओढला गेला. इथून त्याची गोष्ट राजकारणात शिरते. भावांच्या लढाईत दारा हरला आणि 1659 मध्ये मारला गेला. 1660-61 च्या सुमारास सरमदवर खटला चालला. दारा बादशाह होईल असं त्याने सांगितलं होतं, असंही म्हणतात.

आरोप मुख्यतः तीन सांगितले जातात. तो नग्न फिरतो. त्याच्या एका रुबाईत नबींच्या सदेह मेराजचा इन्कार आहे. आणि तो कलमा अर्धाच म्हणतो, ‘ला इलाहा’ म्हणून थांबतो. त्याचं उत्तर नंतरच्या तज्किऱ्यांमध्ये आलं आहे: मी अजून नकारातच बुडालेलो आहे, स्वीकारापर्यंत पोचलेलो नाही, न पोचता पुढचे शब्द उच्चारले तर ते खोटं होईल. त्याचं शिर उडवण्यात आलं. ते तुटलेलं शिर कलम्याचा उरलेला भाग म्हणालं, अशी दंतकथा आहे.

त्या काळात दिल्लीत राहिलेला फ्रेंच प्रवासी बर्निये सरमदचा उल्लेख करतो, पण तो फक्त नग्नतेबद्दल लिहितो. कपडे घालण्याचा हुकूम मानला नाही म्हणून शिरच्छेद, एवढंच. अर्ध्या कलम्याचं त्याच्याकडे काही नाही. मला यात एक गोष्ट दिसते. दिल्लीत नंगे फकीर कमी नव्हते. मारला गेला तो, ज्याच्या पायाशी हरलेला शहजादा बसत असे. राज्याला माणूस नको होता, कारण मजहबने पुरवलं.

तरीही लोकांनी अर्धा कलमाच लक्षात ठेवला, आणि माझ्या मते ते बरोबर आहे. कलम्याला शहादत म्हणतात. शहादत म्हणजे साक्ष, आणि त्याच शब्दाचा दुसरा अर्थ हौतात्म्य. साक्षीदाराने पाहिलं तेवढंच सांगावं, ऐकीव सांगू नये, हा तर काझीच्याच कोर्टाचा नियम. सरमदने तो स्वतःच्या इमानाला लावला.

मी पूर्ण कलमा म्हणतो. ‘ला’पाशी घर बांधून राहणं मला मान्य नाही, तो उंबरठा आहे, घर आतमध्ये आहे. पण एका माणसाला तो उंबरठा ओलांडायला क्षणभर लागतो, दुसऱ्याला सगळा जन्म. तो वेळ बंदा आणि अल्लाह यांच्यामधला आहे. तिथे घड्याळ घेऊन उभं राहायचा अधिकार ना बादशाहचा, ना मुफ्तीचा. आज कोण किती मुसलमान हे ठरवायला गल्लोगल्ली लोक तयार आहेत. सरमदची आठवण औरंगजेबाला शिव्या देण्यापुरती काढणाऱ्यांनी आणि त्याला नंगा काफिर म्हणून मोडीत काढणाऱ्यांनी, दोघांनीही हा प्रश्न टाळला आहे.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ऐन तरुण वयातल्या मौलाना अबुल कलाम आझादांनी सरमदवर एक दीर्घ उर्दू निबंध लिहिला. पुढे कुरआनचा तर्जुमा आणि तफसीर लिहिणाऱ्या या आलिमाला सरमदमध्ये सत्यासाठी उभा राहिलेला माणूस दिसला. दिल्लीच्या जामा मशिदीच्या पायऱ्यांजवळ सरमदची लाल रंगाची मजार आहे, आणि तिथून थोड्याच अंतरावर मौलाना आझाद स्वतः विसावले आहेत. मशिदीत दिवसातून पाच वेळा अजान होते. तिच्या शेवटच्या ओळीत ‘ला इलाहा’ही असतं आणि ‘इल्लल्लाह’ही. दोन्ही सरमदच्या मजारीपर्यंत पोचतात.